टपाल बघणारा परका माणूस

"पत्र आले आहे" एवढाच निरोप देणारी एक जुनी संगणक-आज्ञा आहे, तिचे नाव कुत्र्यावरून ठेवलेले आहे. अमेरिकेतल्या बर्कले विद्यापीठात १९८० च्या सुमारास युनिक्स प्रणालीवर काम करणारी मंडळी होती. त्यांच्यातल्या एका विद्यार्थिनीचा बिफ नावाचा कुत्रा संगणक विभागात सगळीकडे हिंडायचा, सगळ्यांच्या ओळखीचा होता. त्याचेच नाव त्या आज्ञेला दिले. पुढे अशी आख्यायिका पसरली की हा कुत्रा पोस्टमन दिसला की भुंकायचा, म्हणून ते नाव. मालकिणीने स्वतः सांगितले की असे काही नव्हते. पण आख्यायिका इतकी चपखल आहे की ती मरायला तयार नाही. (इतिहास शिकवताना हा अनुभव मला नेहमीचा. खरी गोष्ट परीक्षेपर्यंतही टिकत नाही, दंतकथा मात्र मुले पुढे आपल्या मुलांना सांगतात.)

आज हा बिफ का आठवला, तर त्याच्यात एक गुण होता जो त्याच्यानंतरच्या बऱ्याच नोकरांत राहिला नाही. त्याला तुमच्या पेटीची किल्ली लागत नसे. तेव्हा सगळे जण एकाच मोठ्या संगणकावर काम करीत, पत्रेही त्याच संगणकात येऊन पडत. बिफ फक्त दाराशी बसून बघायचा आणि सांगायचा. घरातलाच कुत्रा, त्याला वेगळी ओळख कशाला पटवायची?

मग संगणक घरोघर, टेबलोटेबली आले आणि पत्रे मात्र दूरच्या कुठल्यातरी यंत्रात साठू लागली. तिथून ती आणायची कशी, यासाठी १९८४ साली एक पद्धत लिहिली गेली. तिचे नावच मुळी पोस्ट ऑफिस प्रोटोकॉल. १९८८ मध्ये तिची तिसरी आवृत्ती आली, तीच पीओपी-थ्री म्हणून आजही कुठे कुठे चालते. पद्धत अगदी आपल्या पोस्टातल्या पेटीसारखी. पोस्टात भिंतीला लहान लहान कुलूपबंद पेट्या असत, व्यापारी लोक भाड्याने घेत आणि रोज दुकानातल्या पोऱ्याला किल्ली देऊन पाठवत. इथेही तसेच. तुमच्या संगणकातला एक प्रोग्राम दर दहा मिनिटांनी किल्ली घेऊन जाणार, पेटी उघडणार, पत्र असेल तर आणणार. किल्ली म्हणजे तुमचे नाव आणि परवलीचा शब्द. आणि गंमत म्हणजे मूळ पद्धतीत हा परवलीचा शब्द तारेवरून उघडाच जात असे. पोऱ्या रस्त्याने किल्ली हातात नाचवत निघाला आहे असे डोळ्यांपुढे आणा, म्हणजे कल्पना येईल. तेव्हा रस्त्यावर सगळी ओळखीचीच माणसे होती, म्हणून कुणाला त्याचे काही वाटले नाही.

आपल्याकडे व्हीएसएनएलने १५ ऑगस्ट १९९५ ला सर्वसामान्यांसाठी इंटरनेट सुरू केले. फोनच्या तारेतून ती किरकिर-खरखर ऐकून जोडणी व्हायची, आणि वेळ म्हणजे पैसा हे आपल्याला तेव्हा अक्षरशः कळले. त्यामुळे झटकन जोडणी करून पत्रे ओढून आणायची आणि तोडून टाकायची, असे प्रोग्राम लोकांना फार सोयीचे वाटत. १९९६ च्या जुलैत सबीर भाटिया आणि जॅक स्मिथ यांनी हॉटमेल सुरू केले, त्यात पत्रे न्याहाळकातच वाचता येत. चंडीगडात जन्मलेल्या, बंगळुरात वाढलेल्या मुलाने हे केले याचे आम्हा शिक्षकमंडळींना केवढे अप्रूप होते! दीडच वर्षात मायक्रोसॉफ्टने ते विकत घेतले. सायबर कॅफेत बसून परदेशातल्या भाच्याचे पत्र वाचायचे, हे आपल्यापैकी बहुतेकांनी केले आहे.

(आपल्यातल्या काही उत्साही मराठी मंडळींनी ईमेलला 'विरोप' असा शब्द काढला होता. विद्युत् आणि निरोप मिळून. मला तो फार आवडतो, पण घरात वापरला की हसतात. म्हणून इथे ईमेलच म्हणतो.)

तर सांगायचा मुद्दा असा, की न्याहाळकात पत्रे वाचायची सोय झाली आणि बिफ हरवला. आता पत्र आले का हे बघायला दर वेळी पान उघडायचे, नाव टाकायचे, शब्द टाकायचे. मोठ्या कंपन्यांना तेच हवे होते, कारण पान उघडले की जाहिरात दिसते. २००२ मध्ये याहूने फुकटच्या पीओपीची सोय बंद करून ती पैसे घेऊन द्यायला सुरुवात केली. मग हौशी लोक पुढे सरसावले. आपण माणूस आहोत असे भासवून याहूचे पान उघडणारे, आतली पत्रे खरवडून आणणारे छोटे छोटे प्रोग्राम निघाले. १ एप्रिल २००४ ला जीमेल आले, एक गिगाबाइट जागा घेऊन. (तारखेमुळे पुष्कळांना ती थट्टाच वाटली होती.) गूगलने विंडोजसाठी स्वतःचा एक छोटा सूचना देणारा प्रोग्रामही काढला. पण तो साधा होता. कुणाला दोन खाती एकदम बघायची, कुणाला लिनक्सवर हवा, कुणाला घंटीऐवजी गाणे हवे. असे डझनांनी प्रोग्राम निघाले. सगळ्यांचा पहिला प्रश्न मात्र एकच: तुमचे जीमेलचे नाव आणि परवलीचा शब्द इथे लिहा.

आणि लोक लिहीत. मला याचेच आश्चर्य वाटते. बँकेच्या लॉकरची किल्ली आपण सख्ख्या मेहुण्यालाही देताना विचार करतो. इथे मात्र ज्याचे नाव-गाव माहीत नाही, तोंड पाहिलेले नाही, त्याच्या प्रोग्रामाला आपण ती बिनदिक्कत देत होतो. कारण समोर माणूस दिसत नव्हता. चौकोन दिसत होता, आणि रिकामा चौकोन भरायची आपल्याला शाळेपासून सवय. (ती सवय आम्हीच लावली म्हणा.)

त्यातले बहुतेक प्रोग्राम लिहिणारे प्रामाणिक होते, हे आधी सांगितले पाहिजे. रात्री जागून, एक पैसा न घेता, जगाच्या उपयोगी पडावे म्हणून त्यांनी ते लिहिले. घोटाळा दोन ठिकाणी व्हायचा. एक, लिहिणाराच खोटा असला तर. आणि दुसरा, लिहिणारा खरा पण पुडा बांधणारा खोटा असला तर.

पहिल्याचे उदाहरण माझ्या मते प्रत्येकाने एकदा तरी ऐकावे असे आहे. जी-आर्कायव्हर नावाचा एक प्रोग्राम होता. तुमच्या जीमेलमधली सगळी पत्रे उतरवून तुमच्या संगणकात जपून ठेवायची, हे त्याचे काम. नाव जीमेलशी जुळणारे, पण गूगलचा त्याच्याशी संबंध नव्हता. २००८ साली एका प्रोग्रामरने तो घेतला, आपले खाते त्यात घातले. त्याला हवे होते तसे काम होईना, म्हणून आत कसा बांधला आहे ते बघावे या कुतूहलाने त्याने तो उलगडला. (असे उलगडणारे प्रोग्राम असतात. स्वेटर उसवून विणकाम बघावे तसे.) आत त्याला दोन गोष्टी सापडल्या. कर्त्याच्या स्वतःच्या जीमेल खात्याचे नाव आणि परवलीचा शब्द उघड लिहून ठेवलेला होता. आणि त्याच्याजवळ अशी आज्ञा होती, की जो कोणी या प्रोग्रामात आपले खाते घालेल त्याचे नाव आणि परवलीचा शब्द एका पत्रात घालून गुपचूप या खात्यावर पाठवावा.

त्याने काय करावे? त्याने कर्त्याच्याच शब्दाने ते खाते उघडले. आत १,७७७ पत्रे होती. प्रत्येक पत्रात एका माणसाची किल्ली. सर्वात वर त्याची स्वतःची.

त्याने ती सगळी पत्रे पुसली, कचऱ्याची टोपलीही रिकामी केली, त्या खात्याचा परवलीचा शब्द बदलून काहीतरी अगम्य करून टाकला आणि गूगलला कळवले. जेफ अ‍ॅटवुड या नावाजलेल्या प्रोग्रामरने मार्च २००८ मध्ये ही हकीकत प्रसिद्ध केली आणि प्रश्न विचारला तो नीतीचा. चोराच्या घरात त्याच्याच किल्लीने शिरणे बरोबर का? पुरावा नष्ट करणे बरोबर का? लोकांनी दोन्ही बाजूंनी खूप वाद घातला. विकणाऱ्या कंपनीचे म्हणणे असे, की चाचणीच्या वेळी घातलेल्या ओळी चुकून विकायच्या प्रतीत राहिल्या.

माझे मत विचाराल तर तो माणूस शिरला ते बरोबर केले, पुसले ते मात्र मला अर्धेच पटते. त्या १,७७७ जणांना कुणीतरी "बाबांनो, कुलपे बदला" असे कळवायला हवे होते. पत्रे पुसून किल्ल्या परत येत नाहीत. त्यांच्या नकला आधीच कुणी काढल्या असतील तर त्या चालतच राहणार. आणि कंपनीचा खुलासा? चाचणीच्या ओळी विसरणे मी समजू शकतो. पण पेटीत पावणेदोन हजार पत्रे येऊन पडेपर्यंत ती पेटी कुणाची, हे कुणाला आठवले नाही हे मात्र माझ्या शिक्षकी स्वभावाला पटत नाही. वर्गात असा खुलासा देणाऱ्याला मी बाकावर उभे केले असते.

आता दुसरा प्रकार, पुडा बांधणाऱ्याचा. मूळ प्रोग्राम चांगला, फुकट, सगळ्यांच्या ओळखीचा. मधला एक जण तो घेतो, पुडा सोडतो, आत आपले काहीतरी टाकतो आणि पुन्हा तसाच बांधून, वर तेच नाव, तेच चित्र लावून वाटायला ठेवतो. आपल्या भाषेत याला सरळ भेसळ म्हणायचे. पण वाण्याकडच्या भेसळीत आणि यात एक फरक आहे. मिऱ्यांत पपईच्या बिया घातल्या तर तिखटपणा कमी होतो, कळते. इथे माल पूर्वीइतकाच चोख चालतो. किंबहुना तो चोख चालावा हीच भेसळ करणाऱ्याची इच्छा असते, कारण बिघडला तर तुम्ही काढून टाकाल.

जानेवारी २०१४ मध्ये अवास्ट या सुरक्षा कंपनीने याचा नमुना दाखवला होता. फाइलझिला नावाचा, संकेतस्थळावर धारिका चढवायचा फुकट आणि चांगला प्रोग्राम आहे. त्याच्या बनावट प्रती फिरत होत्या. दिसायला हुबेहूब, सगळी कामे बिनतक्रार करणाऱ्या. फक्त तुम्ही जे नाव आणि शब्द टाकाल ते हळूच तिसऱ्याकडे पाठवायचे. एक खूण मात्र होती, ती प्रत स्वतःला नव्या आवृत्तीत बदलू देत नसे. साहजिकच आहे, नवी खरी प्रत आली तर हेराची जागा जाणार!

हे सगळे वाचायला दूरचे वाटते. म्हणून एक जवळचे सांगतो. आमच्या शाळेतले गणिताचे सर, माझ्या आधी दोन वर्षे निवृत्त झालेले. अत्यंत काटेकोर माणूस, पै-पैशाचा हिशेब वहीत. २०१० साली एके दिवशी त्यांच्या नावाने आम्हा सगळ्यांना इंग्रजीत पत्र आले, की मी लंडनला आलो आहे, पाकीट चोरीला गेले, हॉटेलवाला सोडत नाही, तातडीने पैसे पाठवा. सर तेव्हा घरी ओसरीवर वर्तमानपत्र वाचत होते. लंडन सोडाच, ते विमानातही बसलेले नव्हते. आम्हा शेजारपाजारच्यांना हसू आले. पण मस्कतला असलेल्या त्यांच्या एका जुन्या विद्यार्थ्याला हसू आले नाही. सरांनी आयुष्यात कुणाकडे काही मागितले नाही, आज मागतात म्हणजे खरेच अडचण असणार, असा विचार करून त्याने त्याच दिवशी पैसे पाठवून दिले.

सरांच्या भाच्याने संगणक तपासला. दुरुस्तीच्या दुकानातल्या मुलाने कुठल्याशा सीडीवरून "पत्र आले की आवाज करणारा" प्रोग्राम घालून दिला होता. मूळ कर्त्याच्या पानावर जी प्रत होती तिच्या जवळजवळ दुप्पट आकाराची ही निघाली. सरांनी विद्यार्थ्याचे पैसे पेन्शनमधून दरमहा थोडे थोडे करून फेडले. तो नको नको म्हणत होता, पाया पडला. सर म्हणाले, "माझ्या नावावर घेतलेस ना? मग माझे कर्ज." वहीत शेवटचा हप्ता लिहिलेला मी पाहिला आहे. त्यानंतर त्यांनी ईमेल वापरले नाही. पोस्टकार्डे लिहीत.

आता तुम्ही म्हणाल, मग मूळ कर्त्याच्या दुकानातूनच माल घ्यावा म्हणजे झाले. बरोबर आहे, पण इतिहास इथेही सरळ नाही. जानेवारी १९९९ मध्ये टीसीपी रॅपर्स नावाच्या प्रोग्रामची मूळ ठिकाणची प्रतच कुणीतरी बदलली. हा प्रोग्राम सुरक्षेसाठीच वापरला जाई! बदललेली प्रत संगणकावर बांधायला घेतली की ती त्या संगणकाची माहिती एका बाहेरच्या पत्त्यावर ईमेलने पाठवायची. २००२ मध्ये जुलैअखेर ओपनएसएसएच या प्रोग्रामचे तेच झाले. आणि त्याच वर्षी २८ सप्टेंबरच्या सुमारास सेंडमेलचे. सेंडमेल म्हणजे जगातली ईमेल इकडून तिकडे पोचवणारा त्या काळातला सर्वात मोठा हमाल. त्याच्या ८.१२.६ या आवृत्तीचा मूळ ठिकाणचा पुडाच बदललेला होता. ६ ऑक्टोबरच्या सुमारास लक्षात येईपर्यंत आठवडाभर लोक तो नेत होते.

हे पकडले कसे जाते, ते मला फार आवडते. कोणत्याही धारिकेतल्या सगळ्या अक्षरांवर एक ठरलेले गणित करून एक आकडा काढतात. एक स्वल्पविराम बदलला तरी आकडा पार वेगळा येतो. ओपनएसएसएचच्या वेळी फ्रीबीएसडी या प्रणालीवाल्यांनी खऱ्या पुड्याचा आकडा आपल्याकडे आधीच टिपून ठेवला होता, नव्या पुड्याचा जुळेना, आणि चोरी एक-दोन दिवसांत उघडी पडली. पण माल आणि आकडा एकाच दुकानात ठेवला तर चोर दोन्ही बदलील. म्हणून त्याच्यापुढची पायरी म्हणजे सही. कर्त्याकडेच असलेल्या गुप्त किल्लीने केलेली, जिची खातरजमा कुणालाही करता येते पण नक्कल कुणाला करता येत नाही. सेंडमेलच्या बनावट पुड्यावर अशी सही जुळत नव्हती. ज्यांनी ताडून पाहिली ते वाचले.

आपल्याला हे नवीन नाही. शिवकालीन पत्रे पाहिलीत तर वर मुख्य शिक्का असतो आणि मजकूर संपला की खाली एक लहान शिक्का, मोर्तब. मजकुराची हद्द इथे संपली, आता कोणी खाली एक ओळही घुसडायची नाही, असा त्याचा अर्थ. शिक्का सांगतो कुणी लिहिले, मोर्तब सांगते किती लिहिले. 'शिक्कामोर्तब' हा शब्द आपण रोज वापरतो, पण त्यातल्या मोर्तबाचे काम विसरून गेलो. पुडा पुन्हा बांधणाऱ्याला अडवते ते मोर्तबच.

दुकानदारच भेसळ करू लागले तेव्हा तर कमाल झाली. डिसेंबर २०११ मध्ये डाउनलोड डॉट कॉम या त्या काळच्या बड्या संकेतस्थळाने एनमॅप नावाचा फुकट प्रोग्राम स्वतःच्या वेष्टनात गुंडाळून द्यायला सुरुवात केली. वेष्टन उघडताना घाईघाईत "पुढे, पुढे" करत गेले की न्याहाळकात नको ती पट्टी चिकटायची आणि मुखपृष्ठ बदलायचे. एनमॅपचे कर्ते गॉर्डन लायन यांनी मोठा आरडाओरडा केला, तेव्हा माफी मागितली गेली. २०१५ मध्ये सोर्सफोर्जने जिम्प या चित्रे काढायच्या प्रोग्रामच्या विंडोज प्रतीचे तेच केले. जिम्पवाले दीड वर्षापूर्वीच तिथून निघून गेले होते, दुकानावर पाटी मात्र त्यांचीच! २०१६ मध्ये सोर्सफोर्जची मालकी बदलली आणि नव्या मालकांनी तो धंदा बंद केला, हे त्यांच्या बाजूने नोंदवले पाहिजे.

लोक मूळ दुकान सोडून दुसरीकडे जातात तरी का? नेहमीच लोभापायी नाही. २०१५ मध्ये चीनमधले प्रोग्रामर अ‍ॅपलचे एक्सकोड हे अवजार मूळ ठिकाणाहून न घेता बायडूच्या साठ्यावरून घेत होते, कारण अ‍ॅपलच्या ठिकाणाहून ते उतरायला फार वेळ लागे. त्या साठ्यावरच्या प्रतीत भेसळ होती. आणि ती अवजारात असल्यामुळे त्या अवजाराने बनवलेल्या प्रत्येक अ‍ॅपमध्ये उतरली, वुईचॅटसारख्या कोट्यवधी लोकांच्या अ‍ॅपच्या एका आवृत्तीतसुद्धा. सुतार प्रामाणिक, लाकूड चांगले, करवतीलाच वाळवी!

ही शक्यता केन थॉम्प्सन यांनी १९८४ मध्येच सांगून ठेवली होती. युनिक्सचे हे एक जनक. ट्युरिंग पारितोषिक मिळाले तेव्हाच्या भाषणात त्यांनी दाखवले, की प्रोग्राम बांधणाऱ्या अवजारातच अशी खोड लपवता येते की मूळ मजकूर कितीही वेळा वाचला तरी तो स्वच्छच दिसेल. चाळीस वर्षांनी, मार्च २०२४ मध्ये, एक्सझेड या लिनक्सवरच्या एका साध्या प्रोग्रामात जवळपास असेच निघाले. सगळ्यांना वाचता येईल असा मजकूर आणि वाटायला ठेवलेला पुडा यांत फरक होता. घातक ओळ फक्त पुड्यात होती. आंद्रेस फ्रॉइंड या अभियंत्याला आपला संगणक जोडणी करताना अर्धा सेकंद जास्त घेतो आहे असे जाणवले, त्यांनी पिच्छा पुरवला आणि ते उघडकीला आले. अर्धा सेकंद! आमच्याकडे वीज गेली तरी लक्षात यायला याहून जास्त वेळ लागतो.

ईमेलच्या बाबतीत मात्र एक सुधारणा झाली, आणि ती खरी सुधारणा आहे. किल्ली देण्याची प्रथाच मोडली. ओऑथ नावाची पद्धत २००७ च्या अखेरीस ठरली, २०१० पासून जीमेलची पत्रे आणणाऱ्या प्रोग्रामांनाही ती वापरता येऊ लागली. तिच्यात तुम्ही परवलीचा शब्द त्या परक्या प्रोग्रामाला सांगतच नाही. गूगलच्या दारात स्वतः जाऊन सांगता की, हा माझ्याकडून आला आहे, याला अमुक एवढेच बघू द्या. गूगल त्याला चिठ्ठी देते. उद्या नको वाटला तर चिठ्ठी रद्द. कुलूप बदलायला नको. ३० मे २०२२ पासून गूगलने आपल्या घरगुती खात्यांसाठी, नुसत्या नेहमीच्या परवलीच्या शब्दावर बाहेरच्या प्रोग्रामांना आत घेणे बंद केले. काही जुने प्रोग्राम त्या दिवशी अडले, तेव्हा खूप कुरकुर झाली. मला विचाराल तर हे दहा वर्षे आधी व्हायला हवे होते.

पण चिठ्ठीसुद्धा फसवून घेता येते. ३ मे २०१७ ला एका भामट्याने आपल्या अ‍ॅपचे नावच 'गूगल डॉक्स' ठेवले. ओळखीच्या माणसाकडून पत्र यायचे, त्यावर दाबले की खरेखुरे गूगलचे पान उघडून विचारायचे: गूगल डॉक्सला तुमची पत्रे वाचू द्यायची का? कोण नाही म्हणेल? हो म्हटले की तुमच्या ओळखीच्या सगळ्यांना तेच पत्र जायचे. गूगलने तासाभरात ते थांबवले. परवलीचा शब्द कुणीच कुणाला दिला नव्हता, तरी दार उघडले गेले होते.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये अँड्रॉइडच्या अधिकृत दुकानातच एक खोटे व्हॉट्सअ‍ॅप सापडले. दहा लाखांहून जास्त वेळा उतरवलेले! कंपनीचे नाव अगदी बरोबर, अक्षर न् अक्षर. फक्त नावाच्या शेवटी एक न दिसणारी मोकळी जागा होती. यंत्राच्या लेखी ते वेगळे नाव, माणसाच्या डोळ्याला तेच. चाळीस वर्षांच्या नोकरीत मी ऱ्हस्व-दीर्घाचे गुण कापले, पण न दिसणाऱ्या जागेचे कसे कापणार?

घरच्या मंडळींसाठी मुद्दाम लिहितो, कारण आता ईमेलचा जमाना मागे पडून सगळे व्हॉट्सअ‍ॅपवर आले आहे आणि रोग तोच आहे. जास्त रंग, पुसलेले निरोपही दिसतात, 'वाचले' ही खूण लपवता येते, अशी आमिषे दाखवून बदललेली व्हॉट्सअ‍ॅपे वाटली जातात. त्यांतल्या एफएमव्हॉट्सअ‍ॅपच्या एका आवृत्तीत ऑगस्ट २०२१ मध्ये कॅस्परस्की कंपनीला ट्रायडा नावाचे घातक पिल्लू सापडले. ज्या फोनवर बँकेचे ओटीपी येतात त्याच फोनवर हे बसलेले. आपल्या घरात दोघांच्या फोनवर असली प्रत होती. दोघेही पंचविशीच्या आतले आणि मला संगणक शिकवणारे. नावे लिहीत नाही. मागच्या रविवारी दोघांनी माझ्यासमोर ती काढून टाकली.

२०२४ पासून लग्नपत्रिकेच्या नावाने एपीके धारिका पाठवायचा प्रकार आपल्या देशात सुरू झाला, पोलिसांनी त्याबद्दल वारंवार सांगितले आहे. पत्रिका म्हणून दाबले की ती फोनवर अ‍ॅप होऊन बसते. परवा आपल्या गटावर एक पत्रिका आली, नागपूरच्या एका नातलगाकडून. मी ती न उघडता मुलीच्या वडिलांना फोन केला. पत्रिका त्यांचीच होती, साधे चित्र होते. पाऊण तास बोललो. मुलगी काय करते, मुलगा कुठला, वडाभात आहे की नाही, सगळे कळले. तारीख विचारायची राहिली, ती मग पत्रिका उघडून पाहिली.